सरकारी मदत घेतली, तरी दावा करता येतो का?

प्रश्न : यजमान खासगी बसच्या अपघातात गेले. सरकारी मदत घेतली, तर विम्याचा हक्क जातो का? – एक भगिनी, मेहकर

उत्तर : ताई, मुळीच नाही. उदाहरणार्थ, १ जुलै २०२३ रोजी सिंदखेडराजाजवळ समृद्धी महामार्गावर बस पेटून २५ प्रवासी गेले. तेव्हा वारसांना राज्याकडून ५ लाख व पंतप्रधान निधीतून २ लाख जाहीर झाले. ती मदत झाली. कायद्याची भरपाई वेगळी. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात कलम १६६ खाली अर्ज करा. आपण राहतो त्या भागातल्या न्यायाधिकरणातही तो करता येतो. एफआयआर, पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, वयाचा व कमाईचा पुरावा जोडा. रक्कम त्यावरून आणि अवलंबून असलेल्या माणसांवरून ठरते. अपघातापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज द्या. वकिलांना विचारल्याशिवाय तडजोडीच्या कागदावर सही करू नका.