आठवणींचा लेखक

विद्यार्थी मित्रांनो, तुमच्यापैकी अनेकजण घरी एक भाषा बोलतात आणि शाळेत आणखी भाषा शिकतात. असाच एक मुलगा पुढे जगप्रसिद्ध लेखक झाला. त्याचे नाव काझुओ इशिगुरो.

इशिगुरो यांचा जन्म १९५४ साली जपानमधील नागासाकी येथे झाला. त्यांचे वडील समुद्राचा अभ्यास करणारे शास्त्रज्ञ होते. कामासाठी ते १९६० साली इंग्लंडला आले. तेव्हा काझुओ पाच वर्षांचा होता. एकदोन वर्षांत परत जायचे, असे आईवडिलांना वाटे. म्हणून घरी जपानीच बोलत. जपानहून दर महिन्याला मासिकेही येत. शाळेत मात्र इंग्रजी. वर्षे गेली आणि परत जाणे राहूनच गेले.

तरुणपणी इशिगुरो गाणी लिहीत. पण त्यात यश आले नाही. मग त्यांच्या लक्षात आले, की आपल्या मनातला जपान पुसट होत चालला आहे. तो नाहीसा होण्यापूर्वी कागदावर उतरवला पाहिजे! १९८२ साली त्यांची पहिली कादंबरी निघाली. तिच्यात नागासाकी होते; भाषा मात्र इंग्रजी होती.

१९८९ साली ‘द रिमेन्स ऑफ द डे’ या कादंबरीला बुकर पारितोषिक मिळाले. एका इंग्रज सरदाराच्या वाड्यातील नोकराची ही कथा. १९९३ साली तिच्यावर चित्रपट निघाला. त्याच्या निर्मात्यांपैकी एक, इस्माईल मर्चंट, मुंबईत जन्मलेले होते.

आता याच धर्तीवर लिहीत राहणे सोपे होते. पण इशिगुरो यांनी वाट बदलली. २००० साली त्यांनी गुप्तहेराची कथा लिहिली आणि २००५ साली विज्ञानकथेचा आधार घेतला. २०१५ च्या ‘द बरीड जायंट’मध्ये तर राक्षस आणि आग ओकणारा प्राणीही आहे. ही परीकथा की कादंबरी, असा प्रश्न काही वाचकांना पडला.

त्या कथेत देशावर धुके पसरले आहे. त्यामुळे लोक सारे विसरतात. एक वृद्ध जोडपे मुलाच्या शोधात निघते. धुके गेले तर मुलाची आठवण येईल. पण जुनी वैरेही जागी होतील. मग विसरणे बरे की आठवणे? हा प्रश्न केवळ परीकथेतला नाही. तो माणसांचा आणि देशांचाही आहे.

२०१७ साली इशिगुरो यांना नोबेल पारितोषिक मिळाले. २०२१ च्या ‘क्लारा अँड द सन’मध्ये एक यंत्रमैत्रीण आपली गोष्ट सांगते. घागरी बदलल्या, पाणी तेच राहिले. आठवण हाच त्यांचा विषय.

मित्रांनो, तुमच्या आजीआजोबांजवळही अशा आठवणी आहेत. त्या पुसट होण्यापूर्वी विचारून घ्या.

शब्दार्थ
पुसट – अस्पष्ट
धर्ती – पद्धत
वैर – शत्रुत्व

स्वाध्याय
१. इशिगुरो यांनी कादंबरी का लिहिली?
२. धुके गेल्यामुळे काय काय घडेल?
३. ‘घागरी बदलल्या, पाणी तेच राहिले’ याचा अर्थ सांगा.
४. घरातील मोठ्यांची एक आठवण पाच वाक्यांत मराठीत लिहा.