दशांशचिन्ह आणि शेताचे क्षेत्र

बारामती तालुक्यातील सांगवी हे नीराकाठचे, ऊस पिकविणारे गाव. माळेगावचा सहकारी साखर कारखाना येथून जवळच आहे. ऊस उत्पादकाच्या घरी सात-बाराचा उतारा व वजनकाट्याची पावती असतेच. दहा, शंभर, हजार यांनी दशांश अपूर्णांकांस गुणणे शिकविण्यास याहून सोयीची सामग्री नाही.

पूर्णांकास दहाने गुणताना पुढे शून्य द्यावे, ही युक्ती मुले लवकर उचलतात. तीच अपूर्णांकास लावली की घोटाळा होतो. ०.५ चे ०.५० केले तरी किंमत तीच राहते. दहाने गुणणे म्हणजे प्रत्येक अंक एक स्थान डावीकडे नेणे. शतांशाचा दशांश होतो, दशांशाचा एकक. दशांशचिन्ह उजवीकडे सरकविणे ही केवळ लेखनातील सोय होय. शंभरासाठी दोन घरे, हजारासाठी तीन. रिकाम्या घरी शून्य भरावे. समजा, काट्यावर १८.४६५ टन ऊस भरला, तर तो १८,४६५ किलो; १८.४ टन असल्यास मात्र १८,४०० किलो.

जमिनीच्या बाबतीत चूक महागात पडते. बोलताना ‘एक हेक्टर पाच आर’ म्हणतात आणि मूल १.५ लिहून मोकळे होते. हेक्टरचे १०० आर, म्हणून १.०५ हेक्टर म्हणजे १०५ आर, तर १.५ हेक्टर म्हणजे १५० आर. फरक ४५ आरांचा. एकर सुमारे ४०.४७ आरांचा असतो. म्हणजे एक शून्य गळताच कागदावर एकराहून अधिक जमीन वाढते! पाच रुपये पाच पैसे ५.०५ असे लिहिण्याची सवय येथे उपयोगी पडते. १ एप्रिल १९५७ पूर्वी रुपयाचे १६ आणे व ६४ पैसे होते, तेव्हा ही सोय नव्हती.

उताऱ्यावर १.०५.२० असे दोन बिंदूंचे क्षेत्रही आढळते. त्यातील दुसरा बिंदू दशांशचिन्ह नव्हे. तो आर व चौरस मीटर वेगळे दाखवितो. आरचे १०० चौरस मीटर होत असल्याने हे क्षेत्र १.०५२० हेक्टर झाले. त्यास १०,००० ने गुणून, चिन्ह चार घरे सरकवून, १०,५२० चौरस मीटर येतात. सातवीच्या मुलांकडून घरच्या उताऱ्यावर हेच करवून घ्यावे आणि उत्तर वडीलधाऱ्यांना समजावून सांगावयास लावावे.