फाइलचं नाव शेवटून वाचा

नात्यागोत्यातले बिघडलेले लॅपटॉप या लेखकाकडे येतात. भाच्याचाही असाच आला. त्यात ‘गेम ऑफ थ्रोन्स’च्या आठव्या सीझनचा पहिला भाग होता आणि नाव अगदी रीतसर: एस०८ई०१, १०८०पी, वेब-डीएल, एक्स२६४, शेवटी एमकेव्ही. आकार मात्र दोन-तीन एमबी! जवळपास तासाभराचा भाग एवढ्यात मावेल कसा? विंडोजला एक्स्टेन्शन दाखवायला लावलं, तेव्हा एमकेव्हीच्या पुढे दडलेलं ईएक्सई दिसलं. म्हणजे तो व्हिडिओ नव्हताच, प्रोग्रॅम होता. तो उघडल्यापासून भाच्याचं ईमेल खातं भलतंच कुणी वापरत होतं.

अशा फाइलींच्या नावांना पायरसीच्या चोरबाजाराची स्वतःची शिस्त आहे. आधी मालिका, मग सीझन आणि भाग, मग चित्राच्या आडव्या ओळींची संख्या. एचडीटीव्ही म्हणजे टीव्हीच्या प्रक्षेपणावरून घेतलेलं, वेब-डीएल म्हणजे स्ट्रीमिंग सेवेकडून थेट उतरवलेलं. एक्स२६४ ही आकार लहान करण्याची पद्धत. डॅशनंतर येतं ते फोडणाऱ्या टोळीचं नाव. ‘रिपॅक’ दिसलं, तर त्याच टोळीने आपली सदोष प्रत दुरुस्त करून पुन्हा सोडली असं समजायचं. चोरीच्या मालावर एवढी काटेकोर माहिती पाहून गंमत वाटते.

पण ही सगळी लिहिणाऱ्याची भाषा, आणि ती कुणालाही लिहिता येते. प्रक्षेपणाआधीच आलेल्या फाइलवर एचडीटीव्ही लिहिलं असेल, तर ते उघड खोटं. ऑगस्ट २०१७ मध्ये याच मालिकेच्या सातव्या सीझनचा चौथा भाग वेळेआधी फुटला. तिथे फाइल कुठून आली याची खरी ओळख पटली ती चित्रावरच्या ‘स्टार इंडिया’च्या वॉटरमार्कवरून. मुंबई पोलिसांनी त्या प्रकरणात चौघांना अटक केली.

कॅस्परस्की या अँटिव्हायरस कंपनीच्या अहवालानुसार, २०१८ मध्ये मालिकांच्या नावाखाली पसरलेल्या व्हायरसच्या फाइलींत सर्वाधिक वाटा ‘गेम ऑफ थ्रोन्स’चा होता, सुमारे १७ टक्के. त्या वर्षी मालिकेचा एकही नवा भाग आला नव्हता, हे विशेष!

विंडोज ओळखीची एक्स्टेन्शन्स आपणहून लपवतं. विंडोज ११ मध्ये फाइल एक्सप्लोररच्या ‘व्ह्यू’त ‘शो’ आणि तिथे ‘फाइल नेम एक्स्टेन्शन्स’ चालू करा. ईएक्सई, एससीआर किंवा जेएस दिसलं की फाइल उघडायचीच नाही. पासवर्ड लावलेली झिप आणि ‘आधी हा कोडेक उतरवा’ अशी विनंती, दोन्ही सापळेच. टॉरेंटवर आणखी एक गोष्ट घडते: फाइल घेता घेता तुमचा संगणक ती इतरांना वाटतही असतो, म्हणजे कॉपीराइटभंगात तुम्ही नुसते प्रेक्षक राहत नाही.

फाइल उघडून बसला असाल, तर आधी इंटरनेट तोडा आणि पासवर्ड दुसऱ्या यंत्रावरून बदला. बँकेतून पैसे गेले असतील, तर लाजून गप्प बसू नका, लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा.