मूकपटातील तारामती आणि बोलपटातील तारामती

राजा हरिश्चंद्राची कथा आपल्या चित्रपटांच्या इतिहासात दोन वेळा आरंभस्थानी आलेली दिसते. १९१३ साली दादासाहेब फाळके यांनी तिच्यावर आपला पहिला कथापट काढला. तो मूक होता. १९३२ साली कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली ‘अयोध्येचा राजा’ हा बोलपट मराठी व हिंदी या दोन्ही भाषांत तयार केला.

वचनासाठी राज्य देणारा राजा, विकली गेलेली राणी आणि स्मशानात तिच्याकडेच पुत्राच्या दहनाचे शुल्क मागण्याचा प्रसंग प्रेक्षकांना पूर्वीपासूनच परिचित होता. नवीन होता तो पात्रांचा आवाज.

फाळके यांना तारामतीच्या भूमिकेसाठी स्त्री मिळू शकली नाही. अण्णा साळुंके या पुरुषाने ती वठविली. मूकपटात हे चालून गेले. बोलपटात मात्र, पार्श्वगायनाची प्रथा अद्याप रूढ नसल्यामुळे, नटनटींना स्वतःच बोलावे व गावे लागे. हरिश्चंद्राची भूमिका आणि संगीत या दोन्ही बाजू संगीत रंगभूमीवरील गोविंदराव टेंबे यांनी सांभाळल्या. तारामती झाल्या दुर्गा खोटे. प्रतिष्ठित घराण्यातील सुशिक्षित स्त्रीने चित्रपटात काम करणे तेव्हा निंद्य मानले जाई. त्यांच्या यशामुळे तो संकोच ओसरू लागला.

कथा सत्यवचनी राजाची म्हणूनच सांगितली जात होती. त्याच्या सत्याची किंमत राणीने कशी मोजली, हे तिच्याच तोंडून ऐकण्याची सोय बोलपटाने करून दिली.