चंदनाचे झाड : ओळख, लागवड व जोपासना

नांदेड जिल्ह्यातील उमरी तालुका हा गोदावरीच्या खोऱ्यातील प्रदेश आहे. नदीकडील जमीन भारी व काळी असून तीत कापूस, सोयाबीन, तूर व ज्वारी ही पिके घेतली जातात. भोकरच्या दिशेने जाऊ लागले की जमीन हलकी होत जाते व बरड माळ, मुरमाड उतार व दगडी धुरे दिसू लागतात. अशा हलक्या जमिनीत पिकाचा उतारा कमी येतो. त्यामुळे तिचा उपयोग कसा करावा हा शेतकऱ्यापुढील नेहमीचा प्रश्न आहे. अलीकडे चंदनाच्या लागवडीविषयी पुष्कळ बोलले जाते. रोपे विकणारे मोठमोठी आश्वासने देतात व काही शेतकरी ऐकीव माहितीवर विसंबून पैसा गुंतवितात. चंदन हे खरोखरच मोलाचे झाड आहे. परंतु त्याचा स्वभाव इतर झाडांहून वेगळा असल्याने तो समजून घेतल्याखेरीज लागवड करणे म्हणजे श्रम व पैसा दोन्ही वाया घालविणे होय.

ओळख कशी पटवावी

चंदनाचे शास्त्रीय नाव सँटॅलम अल्बम असे आहे. हे मध्यम उंचीचे सदाहरित झाड असून त्याच्या फांद्या बारीक व काहीशा खाली झुकलेल्या असतात. कोवळ्या झाडाची साल गुळगुळीत असते. झाड जून झाले म्हणजे साल खरखरीत, काळपट होते व तिला उभ्या भेगा पडतात. पाने साधी असून फांदीवर समोरासमोर जोडीने येतात. त्यांची लांबी साधारणतः तीन ते आठ सेंटीमीटर असते. पान पातळ व लवरहित असून वरची बाजू चकचकीत हिरवी व खालची फिकट असते. फुले लहान असून झुपक्यांनी येतात. ती प्रथम फिकट पिवळसर व पुढे तांबूस जांभळी होतात. फळ वाटाण्याहून थोडे मोठे, गोल व रसाळ असते. ते आधी हिरवे असते व पिकल्यावर काळसर जांभळे होते. त्यात एकच कठीण बी असते.

ओळखीच्या बाबतीत एक चूक वारंवार होते. पुष्कळ लोक पान चुरगळून वास घेतात व सुगंध न आल्यास झाड चंदनाचे नाही असे ठरवितात. काही सुगंधी झाडांच्या बाबतीत ही परीक्षा योग्य आहे. उत्तर अमेरिकेतील सासाफ्रास नावाच्या झाडाचे पान किंवा साल चुरगळली असता लगेच सुवास येतो. त्याच्या एकाच फांदीवर अखंड, दोन भागांची व तीन भागांची अशी तीन प्रकारची पाने असल्याने तेथील लोक ते सहज ओळखतात. चंदनाचे तसे नाही. त्याचे पान, फूल व साल यांना चंदनाचा सुगंध नसतो. खोडाचा बाहेरील पांढरा भागही निर्गंध असतो. सुगंध असतो तो केवळ आतील पिवळसर तपकिरी गाभ्यात व जाड मुळांत, आणि हा गाभा झाड कित्येक वर्षांचे झाल्यावरच तयार होऊ लागतो. यावरून दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. वास येत नाही म्हणून धुऱ्यावरील झाड तोडून टाकू नये. तसेच एखादा विक्रेता रोपाचाच सुगंध दाखवू लागला तर त्याच्या बोलण्यावर विश्वास ठेवू नये.

चंदन व रक्तचंदन यांचीही गल्लत होते. रक्तचंदन हे अगदी निराळ्या कुळातील झाड असून त्याचे मूळ स्थान आंध्र प्रदेशाच्या दक्षिण भागातील डोंगर हे आहे. त्याच्या एका देठावर बहुधा तीन पर्णिका असतात, शेंग चपटी व पंखासारखी असते व लाकूड लाल असून त्यास चंदनाचा सुगंध नसतो. रोपे घेताना समोरासमोर असलेली साधी पाने ही खूण अवश्य पाहावी.

चंदन एकट्याने वाढत नाही

चंदन हे अर्धपरोपजीवी झाड आहे. त्याची पाने हिरवी असल्याने सूर्यप्रकाशात ते स्वतःचे अन्न तयार करते. परंतु पाणी व नत्रासारखी काही अन्नद्रव्ये ते शेजारच्या झाडांच्या मुळांतून घेते. त्याच्या मुळांवर लहान गाठींसारखे अवयव असतात. हे अवयव शेजारच्या मुळाला चिकटतात, त्यात शिरतात व रस शोषून घेतात. ज्या झाडापासून चंदन असा रस घेते त्याला यजमान झाड म्हणतात.

यजमान नसेल तर रोप काही काळ जगते, पण पुढे पिवळे पडते, खुरटते व बहुधा मरते. शेतकरी बिचारा पाणी व खत वाढवीत राहतो व दोष जमिनीला देतो. वस्तुतः रोपाला हवी असते ती सोबत. बैल एकटा मोट ओढत नाही, त्याला जोडी लागते, तसेच चंदनाचे आहे.

यजमान तीन टप्प्यांत द्यावा. पिशवीतील रोपाबरोबर तूर लावावी. शेतात लावल्यानंतर पहिल्या काही वर्षांसाठी तूर, शेवरी किंवा हादगा यांसारखी लवकर वाढणारी झाडे जवळ असावीत. पुढील दीर्घ काळासाठी करंज, सुरू, खैर, बाभूळ किंवा कडुनिंब यांपैकी झाडे लावावीत. पश्चिम ऑस्ट्रेलियातील कुनुनुरा भागात भारतीय चंदनाची मोठी लागवड झाली आहे. तेथेही अल्प व दीर्घ मुदतीचे यजमान असे टप्पे पाडूनच काम केले जाते. उमरी भागातील शेतकऱ्याला तूर नवी नाही, ही त्याच्या दृष्टीने मोठी सोय आहे.

आधी धुरा पाहावा

चंदनाची फळे पक्षी आवडीने खातात व बी दूरवर टाकतात. त्यामुळे मराठवाड्यात धुऱ्यावर, ओढ्याकाठी व काटेरी कुंपणात चंदनाची रोपे आपोआप उगवलेली आढळतात. अशी रोपे आपला यजमान आपणच शोधून घेतात. दरवर्षी धुरे साफ करताना ती झुडपांबरोबर छाटली जातात किंवा शेळ्या खाऊन टाकतात, आणि तोच शेतकरी पुढे बाजारातून चंदनाची रोपे विकत आणतो.

म्हणून रोपे विकत घेण्यापूर्वी पावसाळ्यानंतर एकदा सर्व धुरे हिंडून पाहावे. ओळख पटलेल्या रोपाशेजारी खूण करावी व त्यास काटेरी फांद्यांचे कुंपण करावे. शेजारची झुडपे मुळापासून काढू नयेत, कारण बहुधा त्यांच्याच मुळांवर ते रोप पोसले जात असते. फार सावली होत असल्यास वरच्या फांद्या तेवढ्या छाटाव्यात. असे रोप उपटून दुसरीकडे लावण्याचा मोह टाळावा. उपटताना यजमानाशी असलेला मुळांचा संबंध तुटतो व रोप सहसा जगत नाही. फुकट मिळालेले हे झाड जेथे आहे तेथेच वाढू देणे शहाणपणाचे ठरते.

जमीन व हवामान

चंदनाला पाण्याचा निचरा होणारी जमीन लागते. मुरमाड, तांबूस किंवा हलकी मध्यम जमीन त्यास मानवते. पाणी साचून राहणे त्यास मुळीच सोसत नाही. म्हणून गोदाकाठच्या भारी काळ्या जमिनीत किंवा पावसाळ्यात पाणथळ होणाऱ्या वावरात चंदन लावू नये. बरड उतार, माळाची कड व उंच धुरा या जागा निवडाव्यात. जागेची परीक्षा सोपी आहे. पावसाळ्यात हातभर खोल खड्डा घ्यावा. जोराचा पाऊस होऊन गेल्यावर दुसऱ्या दिवशीही त्यात पाणी तुंबलेले दिसले तर ती जागा सोडून द्यावी.

बी व रोपे

बी चांगल्या वाढलेल्या, निरोगी झाडाच्या पिकलेल्या फळांतून घ्यावे. फळे पाण्यात चोळून गर काढावा व बी सावलीत वाळवावे. एक किलो वजनात साधारणतः 6000 बिया बसतात. ताजे बी लगेच उगवत नाही. त्यास सुमारे दोन महिन्यांची सुप्तावस्था असते. रोपवाटिकेत ही अवस्था मोडण्यासाठी बी जिबरेलिक आम्लाच्या 0.05 टक्के द्रावणात रात्रभर भिजवितात. नंतर ते वाळूच्या वाफ्यावर पेरून पातळ थराने झाकतात. उगवण सावकाश व मागेपुढे होते. तिला एक ते तीन महिने लागू शकतात, म्हणून वाफा लवकर मोडू नये. उंदीर व बुरशी यांपासून वाफ्याचे रक्षण करावे आणि पाणी बेताने द्यावे.

रोपास चार पाने आली की ते मूळ न दुखविता पिशवीत लावावे. पिशवीत दोन भाग वाळू, एक भाग माती व एक भाग चांगले कुजलेले शेणखत घालावे. त्याच पिशवीत तुरीचे बी टोकावे. तूर चंदनाच्या वर जाऊन सावली करू लागली की तिचा शेंडा खुडावा, पण ती उपटू नये. सहा ते आठ महिन्यांत रोप सुमारे 30 सेंटीमीटर उंच होते व खोडास तपकिरी रंग येतो. असेच रोप लावण्यास योग्य समजावे. रोप विकत घेताना पिशवीत यजमान आहे की नाही हे प्रथम पाहावे.

लागवड व निगा

उन्हाळ्यात 45 सेंटीमीटर लांब, रुंद व खोल खड्डे घेऊन ते तापू द्यावेत. चार मीटर अंतरावर चौरस पद्धतीने लावल्यास एकरी सुमारे 250 झाडे बसतात. पहिले चांगले पाऊस झाल्यावर रोप लावावे. खड्ड्याभोवती तूर टोकावी व दोन चंदनांच्या मध्ये दीर्घ मुदतीचा यजमान लावावा. पहिल्या दोन उन्हाळ्यांत पाणी द्यावे व आळ्यात पालापाचोळा पसरावा. पाणी खोडाशी तुंबू देऊ नये. जनावरांपासून राखण करावी, कारण शेळ्या हा पाला आवडीने खातात. फांद्यांची फार छाटणी करू नये. जवळ खोल नांगरट करू नये, त्यामुळे मुळे तुटतात.

खोड पोखरणाऱ्या व साल खाणाऱ्या अळ्यांवर नजर ठेवावी. याहून भयंकर असा रोग म्हणजे स्पाइक होय. या रोगाची पहिली नोंद 1899 साली कोडगू भागात झाली. रोगट झाडाची पाने लहान, अरुंद व फिकट होतात, पेरे आखूड पडतात व फांद्या कणसासारख्या ताठ दिसू लागतात. पुढे एक ते तीन वर्षांत झाड मरते. रस शोषणाऱ्या किडींमुळे हा रोग पसरतो व त्यावर खात्रीचा उपाय नाही. संशय येताच कृषी व वनविभागास कळवावे.

कायदा व राखण

टिपू सुलतानाने 1792 साली म्हैसूर राज्यात चंदन हा राजवृक्ष ठरविला होता. पुढे दीर्घ काळ तेथील चंदनावर सरकारचाच हक्क राहिला. आपल्या अंगणातील झाडाचाही उपयोग नाही म्हणून लोक ते लावीनासे झाले. अखेर कर्नाटकात 2001 साली व तामिळनाडूत 2002 साली कायद्यात बदल करून जमीनधारकास त्याच्या झाडाचा हक्क देण्यात आला. महाराष्ट्रात 1964 च्या झाडतोड नियमन कायद्यातील अनुसूचित झाडांत चंदनाचा समावेश आहे. त्यामुळे स्वतःच्या शेतातील झाड असले तरी परवानगीवाचून ते तोडता येत नाही, आणि लाकूड नेण्यासही वनविभागाचा परवाना लागतो. लागवड होताच झाडांची संख्या सातबारा उताऱ्यावर नोंदवून घ्यावी. ही नोंद नसल्यास पुढे झाड आपले असल्याचे दाखविणे अवघड होते.

चोरी हे दुसरे संकट आहे. चोर खोडाला बारीक छिद्र पाडून गाभा तपासतात. बुंध्याजवळ असे ताजे छिद्र दिसले तर तो धोक्याचा इशारा समजावा व पोलीस आणि वनविभागास त्वरित कळवावे. ज्यास वस्तीपासून दूर राखण करणे शक्य नाही त्याने घराच्या नजरेत राहतील तेवढीच झाडे लावावीत.

हिशेब

गाभा साधारणतः दहाव्या वर्षानंतर धरू लागतो व मोलाचा होण्यास आणखी बरीच वर्षे जावी लागतात. सर्व झाडांत गाभा सारखा भरत नाही. म्हणून झाडांची संख्या व आजचा भाव यांचा गुणाकार करून दाखविलेली रक्कम खरी मानू नये. त्यातून मेलेली, चोरीस गेलेली व गाभा न भरलेली झाडे वजा करावीत आणि राखणीचा खर्चही धरावा. कर्ज काढून चंदन लावणे धोक्याचे आहे, कारण कर्जाचे हप्ते दरवर्षी येतात व चंदन वीस वर्षे काही देत नाही. पोटाचे पीक काळ्या वावरात व चंदन बरड धुऱ्यावर, ही विभागणी लहान शेतकऱ्यास हितावह आहे.

गावपातळीवरील कार्यकर्त्याने या कामाचा आरंभ सभेने न करता शिवारफेरीने करावा. शेतकऱ्यांना बरोबर घेऊन धुरे हिंडावेत, उगवलेली रोपे ओळखून दाखवावीत, त्यांची मोजणी करावी व ती राखण्याचा निश्चय गावकऱ्यांकडून करून घ्यावा. ज्या गावाला आपल्या धुऱ्यावरचे चंदन ओळखता येऊ लागले, त्या गावाची खोट्या आश्वासनांनी सहसा फसगत होणार नाही.