'टेलि' आणि 'दूर'

'हार' ह्या एकाच शब्दाला वेगवेगळे उपसर्ग लागले, की आहार, विहार, प्रहार, संहार असे वेगवेगळ्या अर्थांचे शब्द तयार होतात. ह्याच्या उलट प्रकारही भाषेत आढळतो. एकच उपसर्ग अनेक शब्दांच्या आरंभी बसतो आणि त्या सर्वांना एका कुळात आणतो. ग्रीक भाषेतून आलेला 'टेलि' हा असाच उपसर्ग होय. त्याचा अर्थ 'दूर' असा आहे.

इ. स. १६०९ मध्ये गॅलिलिओ ह्या इटालियन शास्त्रज्ञाने भिंगे बसविलेली एक नळी आकाशाकडे रोखली. पुढच्याच वर्षी तिच्यातून त्याला गुरूभोवती फिरणारे चार चंद्र दिसले. १६११ साली रोम येथे त्याच्या सन्मानार्थ मेजवानी झाली. त्या प्रसंगी ह्या नळीसाठी 'टेलिस्कोप' हे नाव पुढे आले. 'स्कोप' म्हणजे पाहणे. दूरचे पाहण्याचे साधन तो टेलिस्कोप.

सुमारे पावणेदोनशे वर्षांनी फ्रान्समध्ये क्लॉड शाप ह्याने दुसरी युक्ती काढली. उंच मनोऱ्यांवर हलते लाकडी बाहू बसवून त्यांच्या खुणांनी एका मनोऱ्यावरून दुसऱ्यावर निरोप पाठविता येऊ लागला. १७९४ मध्ये पॅरिस ते लील अशी मनोऱ्यांची रांग सुरू झाली. ह्या साधनाला 'टेलिग्राफ' म्हणत. 'ग्राफ' म्हणजे लिहिणे. पुढे १८४४ मध्ये मोर्स ह्याने वॉशिंग्टनहून बाल्टिमोरला विजेच्या साहाय्याने संदेश धाडला. लाकडी बाहू गेले, धातूची तार आली; परंतु दूर लिहिण्याचे काम तेच असल्यामुळे नावही तेच राहिले. मराठीने मात्र त्या धातूच्या तारेवरूनच संदेशाला 'तार' असे सुटसुटीत नाव दिले. भारतातील तारसेवा २०१३ साली बंद झाली. शब्द मात्र जुन्या पुस्तकांतून अद्याप भेटतो.

१८७६ मध्ये बेल ह्याच्या यंत्रातून शब्द ऐकू आले आणि 'टेलिफोन' हे नाव सर्वतोमुखी झाले. 'फोन' म्हणजे आवाज. 'टेलिव्हिजन' ह्या शब्दाची गंमत अशी, की त्याचा पूर्वार्ध ग्रीक व उत्तरार्ध लॅटिन आहे.

हे कुळ विज्ञानापुरतेच राहिले नाही. एका मनातील विचार कोणत्याही साधनावाचून दूरच्या दुसऱ्या मनाला कळतो, ह्या कल्पनेला १८८२ मध्ये मायर्स ह्या इंग्रज लेखकाने 'टेलिपॅथी' असे नाव दिले. नाव रूढ झाले, तरी तसे खरोखर घडते हे विज्ञानाने सिद्ध झालेले नाही. एखाद्या गोष्टीला नाव मिळाले, म्हणजे ती गोष्ट खरी ठरली असे नव्हे.

शब्दाचे रूप पाहून लगेच नाते जोडणेही धोक्याचे असते. तत्त्वज्ञानात 'टेलिऑलॉजी' असा एक शब्द आहे. जगातील गोष्टींमागे काही हेतू असतो काय, ह्याचा त्यात विचार होतो. तेथील 'टेलि' हा 'टेलॉस', म्हणजे अंतिम हेतू, ह्या निराळ्या ग्रीक शब्दापासून आला आहे. दूरशी त्याचा संबंध नाही.

मराठीत हेच काम 'दूर' हा शब्द करतो. दूरध्वनी, दूरचित्रवाणी, दूरमुद्रक, दूरसंचार हे शब्द त्याच रीतीने घडले. 'दुर्बीण' हा शब्द तर फारसीतून आला आहे. तेथे 'दूर' म्हणजे लांब आणि 'बीन' म्हणजे पाहणारा. संस्कृत आणि फारसी ह्या बहिणी असल्यामुळे 'दूर' हा शब्द दोघींच्याही घरचा आहे. ग्रीक विद्वानाला आणि फारसी बोलणाऱ्याला त्या एकाच नळीचे एकच वैशिष्ट्य जाणवले, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

अशा रीतीने शब्दाचे घटक ओळखता आले, की शास्त्रातील अवघड वाटणारे नाव आपला अर्थ आपणच सांगू लागते. पाठांतराचा भार त्यामुळे पुष्कळ हलका होतो.

स्वाध्याय

१. शापचे यंत्र व मोर्सचे यंत्र निराळी असूनही त्यांचे नाव एकच का राहिले?
२. 'टेलिऑलॉजी' हा शब्द 'टेलिफोन'च्या कुळातील का नाही?
३. 'दूर' ह्या शब्दाने आरंभ होणारे, पाठात न आलेले तीन शब्द लिहा व त्यांची फोड करा.