सर्व्हर माझा होता म्हणून

पाडव्याच्या रात्री आठ जणांसमोर शाळेतल्या एका मित्रानं मला चीटर म्हटलं. माझ्याच दुकानात, मी ओढलेल्या वायरींवर, मी उभ्या केलेल्या सर्व्हरवर खेळता खेळता म्हटलं. आणि एकानंही ‘थांब, आधी बघू तरी’ असं म्हटलं नाही. त्या आठ जणांपैकी सहा जण माझ्या बाकावर शिकलेले आहेत, हे जास्त लागलं. म्हणून जे झालं ते सगळं इथं लिहितोय. दिवाळीत, जत्रेत कुणी जुन्या पोरांना गोळा करून काउंटर-स्ट्राइकची मॅच लावणार असेल, तर त्यानं आधी हे वाचावं.

दुकान कुरुंदवाडात, बाजाराच्या रस्त्याला. पूर्वी सायबर कॅफे होता, आता दाखले, झेरॉक्स आणि फॉर्म भरणं चालतं. २०१९च्या पुरानंतर सगळे प्लग मी डोक्याच्या उंचीवर नेले, त्यामुळं वायरी भिंतीवरून खाली लोंबतात. जुनी मशीनं आहेत. नवा गेम त्यांच्यावर उघडतसुद्धा नाही. पण काउंटर-स्ट्राइक १.६ अजून लोण्यासारखा चालतो. पुण्याहून, बेंगळुरूहून पोरं दिवाळीला येतात, नृसिंहवाडीला दर्शन घेतात, बासुंदी घेतात आणि मग जुन्या मॅपचं नाव काढून विचारतात, “डस्ट टू लावायचं का?” यंदा मी हो म्हटलं.

तयारीला दोन रात्री गेल्या. माझ्याकडं आठ पोर्टचे दोन स्विच. ते एकमेकांना जोडले की प्रत्येकाचा एक पोर्ट त्यातच जातो, उरतात चौदा. दहा खेळाडू आणि सर्व्हरचं एक मशीन, म्हणजे पुरेसे. पण एक वायर चुकून दोन्ही टोकांनी एकाच स्विचमध्ये गेली, तेव्हा सगळं नेटवर्क ठप्प झालं आणि ते शोधायला दीड तास गेला. स्विचवरचे सगळे दिवे एकदम वेड्यासारखे लुकलुकायला लागले तर आधी हेच बघा.

साध्या स्विचवर पत्ते वाटणारं कुणी नसतं. मशीन स्वतःच १६९.२५४ने सुरू होणारा कुठला तरी पत्ता घेतं आणि मग कुठलं मशीन कुठल्या पत्त्यावर आहे ते कळत नाही. म्हणून प्रत्येक मशीनला मी हातानं पत्ता दिला: काउंटरच्या मशीनला १९२.१६८.१.१०, खेळणाऱ्यांना ११ ते २०. प्रत्येक स्क्रीनच्या कोपऱ्यात त्या आकड्याची चिठ्ठी चिकटवली. मला चीटर म्हणणारा तो मित्र स्वतःचा लॅपटॉप घेऊन आला होता. त्यालाही १७ नंबर मीच दिला, सेटिंग मीच भरलं. ही चिठ्ठी पुढं कामाला आली.

सर्व्हर मी काउंटरच्या मशीनवर वेगळा चालवला. ‘न्यू गेम’ दाबून आपल्याच मशीनवर मॅच उघडली तर होस्टचा पिंग जवळजवळ शून्य राहतो, इतरांवर ते अन्यायाचं आहे. शिवाय होस्ट गेममधून बाहेर पडला की सगळेच बाहेर फेकले जातात. म्हणून मी ती सोय स्वतःहून सोडली होती. त्या मशीनवर कुणीच खेळत नव्हतं, नुसती काळी खिडकी उघडी होती. मी पंधरा नंबरवर, सगळ्यांसारखाच, वायरीनं जोडलेला. टॅब दाबल्यावर सगळ्यांचे पिंग एकाच पट्टीत दिसत होते. हे कुणीही बघू शकत होतं. कुणी बघितलं नाही.

सर्व्हर.सीएफजी या फाइलमध्ये सगळे नियम आधीच लिहिले होते: एसव्ही_लॅन १, सुरुवातीचे पैसे ८००, बॉम्बला ३५ सेकंद, स्वतःच्या गड्याला गोळी लागली तरी जखम होणार. मॅप बदलला की ही फाइल पुन्हा वाचली जाते, त्यामुळं मधेच कुणी काही बदललं तर ते पुढच्या मॅपला आपोआप जागेवर येतं. खेळणाऱ्यांची संख्या मात्र सर्व्हर सुरू करतानाच द्यायची, चालू सर्व्हरवर ती बदलत नाही. मॅप बदलायला ‘चेंजलेव्हल’ वापरा. ‘मॅप’ हा कमांड दिला की जोडलेली पोरं तुटतात आणि पुन्हा दहा मिनिटं “माझं कनेक्ट होईना” ऐकावं लागतं. फायरवॉलमध्ये यूडीपी २७०१५ उघडा ठेवा. आणि सगळ्यांकडं गेमची एकच कॉपी द्या. कुणाची प्रोटोकॉल ४७ची, कुणाची ४८ची असली की सर्व्हर दारातच अडवतो. पेन ड्राइव्हवर एकच फोल्डर घेऊन फिरलं की हा त्रासच राहत नाही.

आता चूक. माझी चूक एवढीच, आणि ती मी मान्य करतो. खेळता खेळता उठून काउंटरवर जायला नको म्हणून मी आरकॉनचा, म्हणजे आपल्याच मशीनवरून सर्व्हरला हुकूम द्यायच्या सोयीचा, पासवर्ड ठेवला. माझ्या मशीनवर एस्केपखालचं बटण दाबून कन्सोल उघडला आणि पासवर्ड टाइप केला. कन्सोलमध्ये टाइप केलेलं तिथंच दिसत राहतं. पुसलं नाही तर वर सरकवून कुणीही वाचू शकतं. वर सरकवायचीही गरज नाही, नुसतं आरकॉन_पासवर्ड एवढं लिहून एंटर मारलं की तो स्वतःच किंमत दाखवतो.

आमची टीम ९–३ने पुढं होती. पावणेआठच्या सुमाराला लाइट गेली. इन्व्हर्टर लागला, पण भार जास्त झाला आणि तो कोकलायला लागला, म्हणून मी मागं जाऊन पंखे आणि ट्यूब बंद केल्या. फार तर तीन मिनिटं. परत आलो तर तो माझ्या खुर्चीजवळ उभा होता. “माउस कुठला वापरतोस बघत होतो,” म्हणाला. अंधारात स्क्रीनचा उजेड त्याच्या तोंडावर पडला होता. मी खुर्चीत बसलो आणि खेळायला लागलो. मित्राच्या तोंडाकडं संशयानं बघायची मला सवय नाही.

तेराव्या फेरीत पडद्यावर आलं, गेम एका सेकंदात पुन्हा सुरू होतोय. स्कोअर शून्य–शून्य. कागदावर कुणी लिहिला नव्हता. तो म्हणाला, “सात-पाच होता, नऊ-तीन कुठला?” वाद नको म्हणून मी नव्यानं खेळायला तयार झालो. पुन्हा आम्ही ४–१ने पुढं. पुन्हा रिस्टार्ट, आणि या वेळी सगळ्यांच्या खिशात १६,०००. तेव्हा त्यानं हेडफोन काढून टेबलावर आपटला. “आरं लगा, सर्व्हर तुझा, पासवर्ड तुझा. मग हे दुसरं कोण कराय लागलंय? चीटर हाईस तू.”

मी म्हटलं, पुढं असलेला माणूस स्वतःचा स्कोअर कशाला पुसेल? यावर कुणी बोललं नाही. एक जण एवढंच म्हणाला, “जाऊ दे रे, दिवाळी हाय.” पोरं उठली. फराळाची ताटं तशीच राहिली. आईनं पाठवलेल्या करंज्यांना कुणी हात लावला नाही.

रात्री बारा वाजता मला आठवलं, लॉग मी चालू ठेवला होता. फाइलमध्ये ‘लॉग ऑन’ ही एक ओळ लिहिली की सर्व्हर मॅचची नोंद ठेवतो, सीस्ट्राइकच्या आतल्या लॉग्स फोल्डरमध्ये. एल अक्षरानं सुरू होणारी, महिना आणि तारीख नावातच असलेली फाइल. पुन्हा दुकान उघडलं, शटर अर्धंच वर केलं आणि ती फाइल उघडली.

७:५२ला आरकॉननं रिस्टार्ट. ८:१९ला सुरुवातीचे पैसे १६,०००, लगेच खाली पुन्हा रिस्टार्ट. प्रत्येक ओळीच्या शेवटी पत्ता: १९२.१६८.१.१७. मी उठून त्या टेबलाशी गेलो. लॅपटॉप तो घेऊन गेला होता, चिठ्ठी टेबलावर चिकटवून गेला होता. १७. माझ्याच अक्षरातली. पण खरा घाव त्याच्या वरच्या ओळींनी बसला. ७:११ ते ७:१४ या वेळात तीन वेळा ‘बॅड आरकॉन’, म्हणजे चुकीचा पासवर्ड, त्याच पत्त्यावरून. पहिल्यांदा माझ्या नावाचा अंदाज केला होता, मग आमच्या शाळेच्या नावाचा, मग माझ्या गाडीच्या नंबरचा. तेव्हा लाइट गेलीही नव्हती. अंधार झाला म्हणून त्याला मोह पडला, असं मी म्हणणार होतो. तेवढीही जागा त्यानं ठेवली नाही.

२०१८ला शांघायला काउंटर-स्ट्राइकच्याच स्पर्धेत एका भारतीय खेळाडूच्या मशीनवर वर्डच्या नावाखाली लपवलेला चीट सापडला होता. तिथं पंचांनी मॅच थांबवून त्याच जागी मशीन तपासलं. आपल्याकडं मात्र पंच नसतो. आरोप झाला की पोरं घरी जातात, आणि नोंद रात्री एकट्यानं वाचावी लागते. म्हणून कुणी काही बोललं की तिथल्या तिथं खेळ थांबवा, लॉग उघडा आणि सगळ्यांना स्क्रीनसमोर उभं करा. हे मला त्या वेळी सुचलं असतं तर!

पासवर्ड ठेवूच नका, काउंटरपर्यंत चार पावलं चाला. ठेवलाच तर आधी ‘क्लिअर’ लिहून कन्सोल पुसा. खुर्ची सोडताना विंडोज आणि एल दाबून स्क्रीन लॉक करा, तीन मिनिटांसाठी जाणार असाल तरी. स्कोअर न खेळणाऱ्या एखाद्या पोराला वहीत लिहायला बसवा, प्रत्येक फेरीनंतर दोन्ही कॅप्टनांची सही घ्या. रिस्टार्टनं स्क्रीनवरचा स्कोअर पुसला जातो, वहीतला नाही. पंधरा फेऱ्यांनंतर बाजू बदलताना मुद्दाम रिस्टार्ट करावाच लागतो, तेव्हाही वही लागतेच. इन्व्हर्टरवर किती मशीनं पेलतात ते आदल्या दिवशी तपासा. पाहुण्यांच्या लॅपटॉपला दिलेला पत्ता वहीत नावासकट लिहा. आणि लॉगचा फोटो कुणाला पाठवायचा असेल तर आधी पासवर्डवर बोट ठेवा, कारण लॉगमध्ये तो उघड्या अक्षरात छापलेला असतो.

भाऊबीजेला त्या ओळींची मी प्रिंट काढली, दोन पानं. ग्रुपवर टाकायची होती. तेवढ्यात तिथं त्याचाच मेसेज आला: “पुढच्या दिवाळीला सर्व्हर मी लावतो, नीट.” त्याखाली सात जणांनी अंगठे टाकले होते. मी प्रिंटचा फोटो काढला, पासवर्ड झाकला आणि त्याच मेसेजला उत्तर म्हणून टाकला. अंगठा अजून एकाचाही नाही. सगळ्यांनी वाचलंय एवढं मात्र दिसतं.